विल्फचा निळा बॅज

निळ्या बॅजची, म्हणजे अपंगांच्या पार्किंगच्या कार्डाची, मुदत तीन वर्षांची असते. माणसाचे गुडघे काही तीन वर्षांनी नवे फुटत नाहीत, पण हे कौन्सिलला कोण सांगणार. मार्चमध्ये पत्र आलं की मिस्टर विल्फ्रेड ऑग्डन यांच्या बॅजची मुदत चौदा एप्रिलला संपते आहे, पुढे हवा असल्यास अर्ज करावा. मला वाटलं, जुना नंबर टाकायचा, नवा फोटो जोडायचा, झालं. पण तसं नसतं. सगळं पहिल्यापासून. जसं काही मधली तीन वर्षं आम्ही नाच शिकत होतो.

विल्फ माझा नवरा. एकोणऐंशी वर्षांचा. चाळीस वर्षं त्यानं या खोऱ्यातल्या घरांची छपरं दुरुस्त केली, दगडी पाट्या खांद्यावर घेऊन शिड्या चढला. आता कंबरेचे मणके एकमेकांवर बसलेत, दोन्ही गुडघे गेलेत आणि एक खुबा बदललाय. खुबा बदलला तेव्हा इस्पितळानंच कागद पाठवले होते, त्यामुळे पहिला बॅज आम्हाला न मागता मिळाल्यासारखाच होता. तो गाडीच्या काचेमागे ठेवायचा, शेजारी आल्याची वेळ दाखवणारं पुठ्ठ्याचं घड्याळ लावायचं, की एरवी गाडी लावायला बंदी असलेल्या दुहेरी पिवळ्या रेषांवरसुद्धा तीन तास गाडी उभी करता येते.

आम्हाला तो लागायचा एकाच कामासाठी. दर गुरुवारी म्यूरिएलकडे जायला.

म्यूरिएल विल्फची मोठी बहीण. आई गेली तेव्हा विल्फ दहा वर्षांचा होता आणि म्यूरिएल पंधराची. ती लोकरीच्या गिरणीत लागली आणि तिनं याला वाढवलं. लग्न केलं नाही. आता ती चर्चच्या चढावरच्या वृद्धाश्रमात असते आणि तिला कुणी म्हणजे कुणी आठवत नाही. मी गेली पन्नास वर्षं तिची भावजय, पण मला ती नर्स समजते. विल्फ मात्र आठवतो. तो नुकताच छपरावरून उतरून आलाय असं तिला वाटतं. दर गुरुवारी विचारते, "शिडी नीट बांधली होतीस ना?" हा म्हणतो, "बांधली होती." मग बाजारातून आणलेलं कस्टर्ड टार्ट हा तिला स्वतःच्या हातानं भरवतो, कारण दुसऱ्या कुणाच्या हातून ती धड खात नाही.

आणि तो चढ असा आहे की खाली बाजारात गाडी लावून वर चालत जायचं तर मलाच धाप लागते. वृद्धाश्रमाच्या दारात दोन गाड्यांची जागा आहे, ती कायम रुग्णवाहिकेसाठी राखलेली. बाकी रस्ताभर दोन्ही बाजूंना पिवळ्या रेषा. म्हणजे बॅज असेल तर विल्फला बहीण आहे, नसेल तर नाही. इतकं सरळ गणित होतं.

अर्ज भरायला आमची मुलगी लॉरेन लीड्सहून आली. हल्ली सगळं कॉम्प्युटरवर. ती स्वयंपाकघरातल्या टेबलाशी बसली, विल्फ समोर, मी चहा करत होते.

"बाबा, न थांबता किती मीटर चालता येतं?"

"शंभर घाल."

"शंभर मीटर शेवटचे कधी चाललात?"

"मनात आणलं तर चालेन की."

"वेदना होतात का? कधी कधी, बहुतेक वेळा, कायम?"

"कधी कधी."

मी किटली खाली ठेवली. "रात्री कूस बदलताना तू जे ओरडतोस ते काय गाणं असतं?"

"ते झोपेतलं. झोपेतलं धरत नाहीत."

लॉरेननं कपाळाला हात लावला. तिला जे खरं वाटलं ते तिनं भरलं आणि बापाला दाखवलं नाही. पण नुसत्या अर्जावर भागलं नाही. पेन्शनीतल्या माणसाला प्रत्यक्ष तपासणीला बोलावतात.

आता एक सांगते, म्हणजे पुढचं कळेल. आमच्या खोऱ्यातला माणूस "कसं काय" विचारलं की "काही तक्रार नाही" असं म्हणतो. पाय तुटलेला असला तरी. आमचे शेजारी मिस्टर हेग यांना हृदयाचा झटका आला तेव्हा स्ट्रेचरवरून नेताना मी विचारलं, "कसं वाटतंय?" तर म्हणाले, "जरा दमलोय, बाकी ठीक." दुसऱ्या दिवशी वारले. तक्रार करणं हे लंडनकडच्या लोकांचं काम, असं इथे सगळ्यांना वाटतं. मलाही वाटायचं. लग्न ठरलं तेव्हा माझ्या आईनं विल्फचं एकच कौतुक केलं होतं, की पोरगा कुरकुर करत नाही.

तपासणीच्या दिवशी सकाळी हा सहाला उठला. दाढी केली. दफनाला जाताना घालतो तो सूट काढायला लावला, टाय बांधला. बूट चमकवून घेतले, अर्थात माझ्याकडून, आणि नाड्याही मीच बांधल्या. डॉक्टरनं दिलेल्या दुखण्यावरच्या जबर गोळ्या तो एरवी घेत नाही, गुंगी येते म्हणतो. त्या दिवशी दोन घेतल्या.

"काठी घे," मी म्हणाले.

"काठी गाडीत राहू दे."

"अरे, ते काठीच बघायला बोलावतायत."

"सरकारी माणसासमोर लंगडत गेलो तर भीक मागायला आल्यासारखं दिसेल."

मी वाद घातला नाही. पन्नास वर्षांत माझी वाद घालायची ताकद संपली आहे, त्याची नाही.

तपासनीस होता मिस्टर टॉली नावाचा सर्दी झालेला माणूस. तो खिडकीत उभा होता, आम्ही गाडी लावली ती जागा तिथून स्वच्छ दिसत होती. विल्फ गाडीतून उतरला, टाय सरळ केला आणि दात आवळून दारापर्यंत चालत गेला. ताठ. मध्ये एकदाही थांबला नाही. मी मागून चालले होते, तेव्हा त्याच्या मानेवरून घामाची धार कॉलरमध्ये जाताना मला दिसली. टॉलीला ती कुठून दिसणार, तो समोर होता.

"कसे आहात, मिस्टर ऑग्डन?"

"काही तक्रार नाही."

"जिना चढता येतो?"

"जमतं."

"बाजारहाट?"

"ते बेरिल बघते, पण मी जाऊ शकतो."

बेरिल म्हणजे मी. मी तोंड उघडलं, तर टॉली नाक पुसत म्हणाला, "मिसेस ऑग्डन, त्यांनाच बोलू द्या." झालं. माझ्या तोंडाला कुलूप. विल्फनं जाताना त्याच्याशी हात मिळवला आणि सर्दीवर मध आणि लिंबू घ्यायला सांगितलं.

बाहेर गाडीत बसला तेव्हा त्याला पाय आत घेता येईनात. मी एकेक उचलून आत ठेवला. सूटचं अस्तर पाठीला चिकटलं होतं.

"बरं झालं ना?" त्यानं विचारलं. परीक्षेहून आलेलं पोर विचारतं तसं.

"पहिला नंबर आलास," मी म्हणाले.

त्यानंतर दोन दिवस तो पलंगावरून उठला नाही. तिसऱ्या आठवड्यात पत्र आलं. अर्जदार काठीशिवाय, न थांबता, सुमारे तीस मीटर सहज चालले. वेदना असल्याचं त्यांनी सांगितलं नाही. अर्ज नामंजूर. जुना बॅज परत पाठवावा.

विल्फनं चष्मा लावून पत्र दोनदा वाचलं. "तीस मीटर," तो म्हणाला. आणि शपथ घेऊन सांगते, त्याला मनातून थोडं बरं वाटलं होतं. माझ्या हातात तवा होता. तो मी घासायला टाकला म्हणून बरं.

पहिल्या गुरुवारी आम्ही तरीही गेलो. मी ठरवलं, याला दारात उतरवायचं, खाली जाऊन गाडी लावायची आणि चालत वर यायचं. चढावर गाडी थांबवली तोच मागून व्हॅनवाला हॉर्न वाजवायला लागला. विल्फ घाईनं उतरला, कठडा धरून उभा राहिला. मी गाडी खाली नेली, जागा शोधली, चढ चढून आले, मध्ये दोनदा टेकले. माझंही वय शहात्तर आहे, पण ते कुठल्या अर्जात विचारत नाहीत. वर पोचले तेव्हा हा पायरीवर बसला होता, पावसात. घंटा दारावर उंच होती आणि तिथपर्यंतच्या चार पायऱ्या त्याला चढता आल्या नव्हत्या. पंचवीस मिनिटं तिथेच. टार्टचा डबा कोटाच्या आत धरलेला.

"कुणाला हाक तरी मारायची," मी म्हणाले.

"कामात असतात लोक."

त्या दिवशी गारठून त्याला ताप भरला. पुढचा गुरुवार गेला, त्याच्या पुढचाही. टॅक्सीवाल्याला विचारलं, तर तो आत नेऊन सोडायला तयार नव्हता, त्यालाही गाडी सोडून जाता येत नाही तिथे. लॉरेनला नोकरी आहे, ती रोज उठून लीड्सहून कशी येणार. मी कौन्सिलला फोन लावला की पाऊण तास बाजाची एकच धून ऐकवायचे आणि मग तुमचा फोन आमच्यासाठी महत्त्वाचा आहे म्हणून लाइन तुटायची. माझा जीव मेटाकुटीला आला होता. खोटं कशाला बोलू, एकदा वाटलंही, की म्यूरिएल विसरली तर बरं. सगळ्यांनाच विसरते, यालाही विसरेल.

विसरली नाही. मे महिन्याच्या शेवटी वृद्धाश्रमातल्या डॉनाचा फोन आला. ती म्यूरिएलचं सगळं करते, चांगली बाई आहे. फोन विल्फनंच घेतला. तिचा आवाज खणखणीत, मला शेजारी बसून सगळं ऐकू येत होतं.

"विल्फ, रागावू नका, पण तुम्ही येणार आहात का ते विचारायचं होतं. गुरुवारी म्यूरिएल सकाळपासून कोट घालून बसतात. जेवत नाहीत. कोट काढायला गेलं की मारतात. काल म्हणत होत्या, तो छपरावरून पडला असेल आणि मला कुणी सांगत नाही."

"तिला सांगा, पडलो नाही," विल्फ म्हणाला.

"सांगितलं. तुमच्याकडूनच ऐकायचं म्हणतात."

त्यानं फोन ठेवला. मग म्हणाला, "त्या लोकांना परत लिही."

"परत लिहून काय उपयोग? तू परत टाय बांधशील."

"टाय नाही बांधत."

"आणि तक्रार करावी लागेल तुला. दुखतं म्हणावं लागेल तोंडानं."

"तक्रार करणार नाही. विचारतील ते सांगेन." मग माझ्याकडे बोट रोखून म्हणाला, "पण तू मध्ये एक शब्द बोलायचा नाहीस. बोललीस तर मी तिथून चालता होईन."

"चालता हो. तेवढ्यानं तरी तो टॉली बघेल कसा होतोस ते."

बऱ्याच दिवसांनी हसला. पण वचन मात्र घेतलंच माझ्याकडून.

फेरतपासणी जूनमध्ये, एका बुधवारी. या खेपेला टॉली नव्हता. मिसेस कुरेशी नावाची तिशीतली बाई होती, ब्रॅडफर्डची, बोलणं थेट आमच्यासारखं. विल्फ घरच्या स्वेटरमध्ये होता, काठी हातात. मी कोपऱ्यातल्या खुर्चीत पर्स मांडीवर घेऊन मूग गिळून बसले.

तिनं कसे आहात म्हणून विचारलंच नाही. कुणीतरी तिला आमच्या लोकांबद्दल सांगितलं असावं, किंवा तिच्या घरीही असंच एखादं म्हातारं असावं. ती म्हणाली, "मिस्टर ऑग्डन, मला फक्त कालचा दिवस सांगा. उठल्यापासून. काय केलंत, कुठे बसलात, कधी उठलात. बाकी काही नको."

काल म्हणजे मंगळवार.

मंगळवारचं मी अजून काही सांगितलेलं नाही, कारण पार्किंगशी त्याचा काही संबंध आहे असं मलाही माहीत नव्हतं. मंगळवारी मी गायला जाते. चॅपलच्या हॉलमध्ये आमचा बायकांचा गट आहे, एकतीस वर्षं झाली. साडेनऊला जाते, गाणं होतं, मग सगळ्याजणी मिळून सूप आणि पाव खातो, दोनला घरी. आठवड्यात माझे म्हणून तेवढेच साडेचार तास. जाण्याआधी विल्फला खिडकीशी खुर्चीत बसवते, सँडविच झाकून ठेवते, थर्मासमध्ये चहा भरते, दोन चमचे साखर घालून, त्याला आवडतो तसा.

"बेरिल साडेनऊला जाते," विल्फ म्हणाला. तो जमिनीकडे बघून बोलत होता. "मी खिडकीशी बसतो."

"आणि मग उठता कधी?"

"उठत नाही."

"दोन वाजेपर्यंत?"

"ती आली की ती उठवते. एकट्याला त्या खुर्चीतून उठता येत नाही. गेल्या वर्षी एकदा बघितलं उठून, तर पडलो. ती यायच्या आत सरपटत येऊन परत खुर्चीत चढलो. दीड तास लागला."

मला हे माहीत नव्हतं. कोपरावर खरचटलं होतं तेव्हा त्यानं दाराला लागलं म्हणून सांगितलं होतं, आणि मी मलम लावलं होतं.

"मग संडास-बाथरूम?" मिसेस कुरेशीनं विचारलं. सहज, पाण्याचा पेला पुढे करावा तसं.

"ती वर आहे. जिना." तो थांबला. कान लाल झाले होते. "सोमवारी संध्याकाळी सहानंतर मी काही पीत नाही. मग मंगळवार निभतो."

"काहीच नाही? सकाळी चहा?"

"ती थर्मास भरून ठेवते. तो मी खिडकीतून बाहेर ओततो. रिकामा दिसला पाहिजे ना, नाहीतर ती विचारेल."

मिसेस कुरेशी लिहीत होती, तिचा हात थांबला. "किती दिवस चाललंय हे?"

"खुबा झाल्यापासून. तीन वर्षं."

आमच्या खिडकीखाली हायड्रेंजियाचं झाड होतं. दोन वर्षांमागे वाळून गेलं. मी हेगांच्या मांजरीवर आळ घेतला होता आणि मिसेस हेगशी, त्या विधवा बाईशी, सहा महिने नीट बोलले नव्हते.

"मिसेस ऑग्डनना हे माहीत होतं?"

"नाही."

"का नाही सांगितलंत?"

"सांगितलं असतं तर ती जायची थांबली असती." तो अजून जमिनीकडेच बघत होता. "ती गाते. आल्यावर दुपारभर घरात गुणगुणत असते. तेवढं एक आहे तिचं. माझ्यामागे बाकी सगळं गेलंय."

पन्नास वर्षांचा नवरा, आणि मी त्याला ताठ मानेचा, हट्टी, मूर्ख, काय काय म्हणत आले, आणि तो तीन वर्षं दर मंगळवारी तहानलेला बसून राहिला, का, तर मला गाता यावं. आणि हे मला कुठे कळावं, तर कौन्सिलच्या ऑफिसात, एका परक्या बाईसमोर, पार्किंगच्या कार्डासाठी. राग आला. त्याचा आला, माझा आला, त्या भिंतीवरच्या घड्याळाचाही आला. अशी लाज वाटली की पर्समध्ये तोंड घालावं.

मग तिनं त्याला व्हरांड्यात चालायला सांगितलं. काठी घेऊन तो निघाला. अकरा मीटरवर भिंतीला टेकला. मी आपली वाट बघते आहे की आता दात आवळून पुढे जाईल. नाही गेला.

"बस," तो म्हणाला. "यापुढे नाही येत."

इतक्या वर्षांत हा शब्द मी त्याच्या तोंडून पहिल्यांदा ऐकला.

मी गाडी घराकडे घेतली. घराजवळच्या वळणावर त्यानं विचारलं, "रागावलीस?"

"हो."

"बरं," तो म्हणाला.

बॅज दहा दिवसांत आला. निळा, त्याच्या फोटोसकट. फोटोत तो गुन्हेगारासारखा दिसतो. गुरुवारी आम्ही चढावर, दारासमोर, पिवळ्या रेषांवर गाडी लावली, घड्याळ लावलं, डॉना खाली येऊन त्याला धरून आत घेऊन गेली. म्यूरिएल कोट घालून बसली होती. बारीक झाली होती. तिनं त्याला वरपासून खालपर्यंत पाहिलं, हात, पाय, डोकं चाचपलं.

"पडला नाहीस?"

"नाही."

"दुखतंय का कुठे?"

विल्फनं माझ्याकडे बघितलं नाही. "गुडघे दुखतात," तो म्हणाला.

"मग उद्या कामावर जाऊ नकोस. मी मुकादमाला सांगते," म्यूरिएल म्हणाली, आणि कोट काढून डॉनाकडे दिला. दीड टार्ट खाल्लं तिनं त्या दिवशी.

इथे ही गोष्ट संपायला हवी होती. बॅज मिळाला, पुढची तीन वर्षं बघायला नको. पण मग मंगळवार आला.

नऊ वाजले तरी मी एप्रनमध्येच होते. विल्फ खिडकीशी बसून माझ्याकडे बघत होता.

"उशीर होतोय तुला."

"मी जात नाहीये."

"का?"

"का म्हणजे? मला आता माहीत आहे."

"मी ते म्यूरिएलसाठी सांगितलं. तुला घरी बसवायला नाही."

मी म्हणाले, इस्पितळातून खाली कमोडचं भांडं बसवलेली एक खुर्ची मिळते, ती आणू, इथे ठेवू, वरून टेबलक्लॉथ टाकू. तो म्हणाला, जिथे बसून आपण जेवतो त्या खोलीत नाही. मी म्हणाले, मिसेस हेगना अकराला डोकावायला सांगते. तो म्हणाला, त्या बाईनं मला धरून वर न्यायचं, त्यापेक्षा मी मरेन. मी म्हणाले, मर मग. मिनिटं जात होती.

"बेरिल," तो म्हणाला, "तू नाही गेलीस तर ती तीन वर्षं फुकट गेली माझी."

मी एप्रन काढला. सँडविच केलं. थर्मासमध्ये चहा भरला, दोन चमचे साखर. तो त्याच्या हाताशी ठेवताना म्हणाले, "भांड्याची खुर्ची मी गुरुवारी आणणार आहे. तुला काय बोंबलायचं ते बोंबल. आज हा प्यायचास. वर न्यायला मी बाराला येते. सूपाला थांबत नाही."

"थांब सूपाला."

"बाराला येते."

हॉलमध्ये मी उभी राहिले, वही धरली, तोंड उघडझाप केलं. शेजारच्या बाईला कळलं असणार की आवाज येत नाहीये. मध्यंतरात कुणीतरी माझ्या हातात चहाचा कप दिला. कप तसाच खिडकीत ठेवला आणि बाराला दहा कमी असतानाच निघाले.

घरी आले तेव्हा तो खुर्चीत होता, होता तसाच. सँडविच खाल्लं होतं. थर्मास रिकामा.

"प्यायलास?"

"प्यायलो. छान होता. गाणं कसं झालं?"

"छान झालं," मी म्हणाले.

त्याला धरून वर नेलं. थर्मास विसळून पालथा घातला. खिडकीखाली माती ओली आहे की कोरडी, ते बघायला मी गेले नाही.